तुम्ही विचारलंत म्हणून: "मग, पिक्चर कधी करणार?"

गेल्या मे महिन्यात सांगलीला एका लग्नात मठ्ठ्याचा पेला हातात धरून उभी होते. नात्यातले एक काका आले, इकडची-तिकडची चौकशी झाली आणि तो प्रश्न आलाच. "मग, पिक्चर कधी करणार?"

मी कॅमेरा करते. बावीस वर्षं करते आणि त्यातलं जवळजवळ सगळं काम माहितीपटांचं आहे. काकांना हे ठाऊक होतं. पण त्यांच्या हिशेबानं मी बावीस वर्षं बालवाडीत बसले आहे, आणि ही पोरगी पहिलीत कधी जाणार एवढीच त्यांची काळजी.

विद्यार्थी हाच प्रश्न जरा सफाईनं विचारतात, "मॅम, डॉक्युमेंटरीतून फीचरकडे जायचं कसं?" (फीचर म्हणजे कथापट.) मावशी आडपडदा ठेवत नाही, "थेटरात पाटीवर नाव कधी दिसणार गं तुझं?" आणि एका निर्मात्यानं तर माझं काम बघून झाल्यावर, अगदी सहानुभूतीनं, विचारलं होतं, "हे सगळं छान आहे. पण तुम्हाला खरं लाइटिंग येतं का?"

आजवर हसून वेळ मारून नेली. पण मध्यंतरी एका वर्गात एका मुलानं विचारलं, "मला हेच करायचंय. घरी काय सांगू?" त्याला हसून टाळणं बरं दिसलं नसतं. तेव्हा मी जे अर्धंमुर्धं बोलले ते इथे जरा नीट लिहिते.

माझं उत्तर म्हणजे एका माणसाचं नाव आहे. ख्रिस मेंगेस. ब्रिटिश कॅमेरामन, जन्म १९४०, इंग्लंडमधल्या हेरफर्डशरमधलं किंग्टन. घराण्यात संगीत. वडील हर्बर्ट मेंगेस लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहाचे संगीत दिग्दर्शक आणि आत्या इझोल्ड नावाजलेली व्हायोलिनवादक. अशा घरात मुलानं निदान तंबोरा तरी धरायचा. यानं कॅमेरा धरला. फिल्म स्कूल वगैरे नाही. लंडनमध्ये ऍलन फोर्ब्स नावाचा एक अमेरिकन माहितीपटकार होता, त्याच्या हाताखाली हा विशीच्या आत लागला आणि पडेल ते काम करत शिकला. आपल्याकडे गॅरेजमध्ये पोरगं पाना द्यायला लागतं आणि पाच वर्षांनी इंजिन उतरवतं, तशातला प्रकार.

१९६३ मध्ये ब्रिटनमधल्या ग्रॅनाडा टेलिव्हिजननं 'वर्ल्ड इन अ‍ॅक्शन' नावाचा साप्ताहिक कार्यक्रम सुरू केला. निवेदक पडद्यावर बसून प्रवचन देतोय असा तो नव्हता. जिथं घडतंय तिथं जाऊन, कॅमेऱ्यानं बघून सांगायचं, असा होता. मेंगेस त्यात लागला आणि विशी-बाविशीत दक्षिण आफ्रिकेसारख्या ठिकाणी जाऊन आला. तिथं तेव्हा खटला न चालवता माणसाला नव्वद दिवस डांबून ठेवण्याचा कायदा नुकताच झाला होता. ही दक्षिण आफ्रिका लक्षात ठेवा, पुढे परत येणार आहे.

आता जरा यंत्राबद्दल, कारण त्याशिवाय ही कारकीर्द कळायची नाही. स्टुडिओतला ३५ मिलिमीटरचा कॅमेरा म्हणजे अवजड धूड. टीव्हीवाल्यांनी १६ मिलिमीटर धरला आणि कॅमेरा खांद्यावर आला. पण रोल चारशे फुटांचा, जेमतेम साडेदहा-अकरा मिनिटांचा. संपला की काळ्या पिशवीत हात घालून, न बघता, बोटांनी चाचपत मॅगझिन, म्हणजे कॅमेऱ्याचा फिल्मचा डबा, भरायचं. बर्फात भरायचं, घामात भरायचं. आज माझ्या कॅमेऱ्यातलं एक कार्ड तासभर चालतं, म्हणून मी बटण दाबते आणि विचार नंतर करते. अकरा मिनिटंच मिळणार असतील तर बटण दाबायच्या आधी बघावं लागतं. माझ्या मते त्या पिढीची नजर या अकरा मिनिटांनी घडवली आहे, आणि ती मला कधी येणार नाही याची थोडी असूयाही वाटते.

१९६४. एड्रियन कॉवेल हा माहितीपटकार, जॉर्ज पॅटरसन हा तिबेटी भाषा जाणणारा स्कॉटिश माणूस आणि तेवीस वर्षांचा मेंगेस, असे तिघंच नेपाळच्या त्सुम खोऱ्यातून वर चढले. तिबेटमधून परागंदा झालेले खंपा लढवय्ये तिथं तळ ठोकून होते. त्यांच्यासोबत हे तिघं उंच खिंड ओलांडून चीनच्या ताब्यातल्या तिबेटमध्ये उतरले, आणि चिनी लष्करी ट्रकांवर खंपांनी घातलेला छापा मेंगेसनं चित्रित केला. १९६६ मध्ये ते ब्रिटिश टीव्हीवर दिसलं.

मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा फक्त थरार वाटला होता. आता ऐकते तेव्हा दुसरंच मनात येतं: कॅमेरा तिथं नसता तर त्या दिवशी तो छापा पडला असता का? माझ्या समोर कधी गोळीबार झालेला नाही. पण "ताई, तुम्ही आलाय तर मोर्चा उद्याच काढू" असं मला एका गावात म्हणाले आहेत. त्या रात्री मला झोप लागली नव्हती. ही टोचणी फीचरच्या सेटवर नसते, तिथं सगळं आपल्यासाठीच मांडलेलं असतं.

कॉवेलबरोबर मेंगेस ब्रह्मदेशातही गेला, शान प्रांतात, अफूच्या मुलखात. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला दोघं पुन्हा तिथं शिरले आणि अडकले. बाहेर पडायची वाटच नव्हती. वर्षाहून जास्त काळ ते शान बंडखोरांबरोबर जंगलात होते. लादलेल्या खेचरांचे तांडे, अफूवर पोसलेल्या फौजा, हे सगळं जवळून पाहिलेली जगात फार थोडी माणसं असतील, त्यांत हे दोघं. फिल्म १९७४ मध्ये आली.

इथं मला थांबून एक गोष्ट सांगायलाच हवी, नाहीतर मी त्या विद्यार्थ्याची फसवणूक करीन. मेंगेस जंगलात वर्षभर राहू शकला, कारण पाठीशी ब्रिटनची टीव्ही कंपनी होती. त्या कंपन्या जाहिरातींवर चालणाऱ्याच होत्या, पण परवाना टिकवायचा तर गंभीर कार्यक्रम दाखवणं भाग होतं. म्हणजे धाडस त्याचं, पण पगाराची व्यवस्था कायद्याची. आपल्याकडे मुंबईत पेडर रोडवर सरकारचं फिल्म्स डिव्हिजन होतं, १९४८ पासून, आणि त्यांचा माहितीपट थिएटरात मुख्य सिनेमाआधी दाखवणं सक्तीचं होतं. लोक तेवढ्यात वडे घेऊन यायचे हे खरं, पण कॅमेरामनला महिन्याच्या महिन्याला पगार होता. आज मी एका फिल्मचे पैसे दुसरी संपेपर्यंत मागत असते. तेव्हा "मेंगेससारखं कर" असं मी कुणाला सांगत नाही. "मेंगेससारखं बघ" एवढं सांगते.

ते बघणं काय, ते ब्रिटिश दिग्दर्शक केन लोचच्या 'केस' (Kes) या फिल्ममध्ये दिसतं.

मेंगेस त्याआधी लोचच्याच 'पुअर काऊ'ला कॅमेरा ऑपरेटर होता, मग लिंडसे अँडरसनच्या 'इफ'ला. 'इफ'चा मुख्य कॅमेरामन मिरोस्लाव्ह ओंद्रिचेक, चेकोस्लोव्हाकियातून आलेला. ओंद्रिचेक प्रकाश खोलीला द्यायचा, माणसाला नाही. तोपर्यंतची रीत अशी की नट इथं उभा राहणार, म्हणून जमिनीवर खडूची खूण, त्या खुणेवर लाइट मारलेला. नट खुणेवरून हलला की अंधारात गेला. ओंद्रिचेकच्या खोलीत मात्र खिडकीतून दिवस आत आल्यासारखा मऊ उजेड सगळीकडे असायचा. माणसानं कुठंही जावं.

१९६८ च्या उन्हाळ्यात 'केस'साठी लोच आणि मेंगेस यॉर्कशरमधल्या बार्न्सली या खाणकामगारांच्या गावात गेले. बिली कॅस्पर नावाचा एक पोरगा, घरी हाल, शाळेत मार, आणि त्यानं माणसाळवलेला केस्ट्रेल हा ससाण्याच्या जातीचा छोटा पक्षी. बिलीचं काम करणारा डेव्हिड ब्रॅडली तिथलाच शाळकरी मुलगा. मुख्याध्यापकाच्या भूमिकेतला माणूस खरोखरचा मुख्याध्यापक. अशा माणसांच्या तोंडासमोर कॅमेरा नेला की ती लाकडासारखी होतात. म्हणून मेंगेस लांब उभा राहिला. लांब पल्ल्याची लेन्स, डोळ्याच्या उंचीवर कॅमेरा, प्रकाश बराचसा खिडकीचा. पोरांना कॅमेरा कुठं आहे ते कळत असेल-नसेल, पण तो त्यांच्या अंगावर येत नव्हता.

वर्गात एक प्रसंग आहे. मास्तर बिलीला उभं करतात, काहीतरी सांग म्हणतात. आणि हा एरवी तोंड न उघडणारा पोरगा आपल्या पक्ष्याबद्दल बोलायला लागतो. बोलतच राहतो. कॅमेरा काही करत नाही. झूम नाही, सरकणं नाही. मी तो प्रसंग किती वेळा पाहिला असेल! दर वेळी शेवटाकडे मला वाटतं की आपण मागच्या बाकावर बसलो आहोत.

आता माझी गोष्ट. काही वर्षांपूर्वी आम्ही ऊसतोड कामगारांवर काम करत होतो. बीडकडची टोळी, कारखान्याजवळच्या माळावर कोप्या टाकलेल्या. बांबू, चटई, पाचट, वरून प्लास्टिक. बायका पहाटे तीन-साडेतीनला उठून भाकऱ्या थापतात, कारण उजाडायच्या आत फडात पोचायचं असतं. मला त्या भाकऱ्या हव्या होत्या. कोपीत चुलीच्या जाळाशिवाय उजेड नाही. मी शहाणपणा केला. हातभर एलईडी पॅनल आत नेऊन बांबूला बांधलं आणि लावलं.

त्या बाईनं एकदा वर पाहिलं. परातीतले हात थांबले. मग तिनं डोक्यावरचा पदर पुढे ओढला, मागं पसरलेलं अंथरूण घाईनं गुंडाळलं, नवऱ्याचा शर्ट दोरीवरून काढून लपवला, आणि पाठ ताठ करून माझ्याकडे तोंड करून बसली. तिच्या घराची तपासणी करायला सरकारी माणूस आल्यासारखी. मी तिला नागडं केलं होतं. उजेडानं.

ते पॅनल मी बंद केलं, माफी मागितली. ती म्हणाली, "असूं द्या बाई." पण त्या पहाटे शूट झालं नाही. दुसऱ्या दिवशी मी दाराबाहेर बसले, लेन्स पूर्ण उघडी, चुलीचा जाळ तेवढाच. तिसऱ्या दिवशी तिनंच विचारलं, "हितनं दिसतंय का तुम्हाला?" त्या फिल्ममधला माझा सगळ्यात चांगला शॉट त्या तिसऱ्या पहाटेचा आहे. अर्ध्या फ्रेममध्ये काळोख आहे, आणि त्या निर्मात्याला अजून वाटतं की तिथं लाइट राहिला.

खरं लाइटिंग! मला त्याला मेंगेसचं नाव सांगायला हवं होतं, पण माझं असं आहे की योग्य उत्तर घरी गेल्यावर सुचतं.

तर पुढे. सत्तरचं दशक आणि ऐंशीची सुरुवात मेंगेस दोन्हीकडे होता. स्टीव्हन फ्रिअर्सचा 'गमशू' केला. 'द एम्पायर स्ट्राइक्स बॅक'च्या स्टुडिओतल्या दुसऱ्या युनिटचा कॅमेरा केला, म्हणजे स्टार वॉर्सच्या जगातही हा माणूस पोटापाण्यासाठी जाऊन आला. मला हे वाचून भारी बरं वाटलं होतं, कारण मीही मधूनमधून प्लायवूडच्या जाहिराती करते. आणि त्याच सुमाराला न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये, हेरॉइनच्या विळख्यात सापडलेल्या एका कुटुंबावर त्यानं स्वतः माहितीपट दिग्दर्शित केला. शिडी चढणारा माणूस असं वर-खाली करत नाही.

मग १९८४ चा 'द किलिंग फील्ड्स'. दिग्दर्शक रोलंड जॉफी, निर्माता डेव्हिड पटनम. कंबोडियात ख्मेर रूज या कम्युनिस्ट राजवटीनं केलेला नरसंहार, चित्रीकरण थायलंडमध्ये. दिथ प्रान या पत्रकाराची भूमिका केली हाइंग न्गोर यांनी. ते पेशानं डॉक्टर, आणि स्वतः ख्मेर रूजच्या छळछावण्यांतून वाचलेले. आता विचार करा, असा माणूस कॅमेऱ्यासमोर उभा आहे. त्याला खुणेवर उभं करून चेहऱ्यावर छान पिवळा लाइट मारायचा? चिखलातून चालता चालता प्रान घसरून सांगाड्यांच्या ढिगात पडतो तो प्रसंग पाहा. आभाळ भरलेलं, सावल्या नाहीत, एकही गोष्ट सुंदर करून दाखवलेली नाही. असा एखादा मुलूख पायाखालून गेलेला असल्याशिवाय कॅमेरामनला इतकं कमी करण्याचं धाडस होत नाही, असं माझं मत आहे. या कामासाठी मेंगेसला ऑस्कर मिळालं. वय ४४.

दोन वर्षांनी त्याच मंडळींबरोबर 'द मिशन', दक्षिण अमेरिकेतले जेझुइट, म्हणजे ख्रिस्ती मिशनरी, आणि ग्वारानी आदिवासी. इग्वासूचे धबधबे, कोलंबियातलं जंगल. पुन्हा ऑस्कर. सगळे त्या धबधब्यांबद्दल बोलतात. धबधबा चांगला दिसण्यात कॅमेरामनचं फारसं कर्तृत्व नसतं, आंबोलीला पावसाळ्यात कुणीही मोबाइल धरला तरी चांगला येतो. मी बघते ते त्यातल्या आदिवासींचे चेहरे. कोलंबियातल्या वौनाना समाजाच्या माणसांनी ती कामं केली होती, पडद्याशी आधी काही संबंध नसलेल्या. बार्न्सलीच्या पोरांसारखीच ती माणसं आपापल्या जागी आहेत आणि कॅमेरा पाहुणा आहे.

दोन ऑस्कर झाल्यावर माणूस काय करतो? मेंगेसनं एक फिल्म स्वतः दिग्दर्शित केली, १९८८ मध्ये. 'अ वर्ल्ड अपार्ट'. विषय दक्षिण आफ्रिका, १९६३, तोच नव्वद दिवसांचा कायदा. वर्णद्वेषाविरुद्ध लढणाऱ्या रूथ फर्स्ट यांच्या मुलीनं, शॉन स्लोव्हो यांनी लिहिलेली, आई तुरुंगात गेलेल्या एका मुलीची गोष्ट. दक्षिण आफ्रिकेत शूटिंग शक्यच नव्हतं, ते शेजारच्या झिंबाब्वेत झालं. कान महोत्सवात ज्यूरीचं ग्रां प्री मिळालं आणि त्यातल्या तिघी अभिनेत्रींना अभिनयाचा पुरस्कार विभागून. बाविसाव्या वर्षी खांद्यावर कॅमेरा घेऊन जे पाहिलं, ते पंचवीस वर्षांनी असं परत आलं.

त्यानंतरचं दिग्दर्शन तितकं गाजलं नाही. तो पुन्हा कॅमेऱ्याकडे आला, 'मायकल कॉलिन्स' आणि रॉजर डीकिन्स या कॅमेरामनबरोबरच्या 'द रीडर'साठी पुन्हा ऑस्करची नामांकनं झाली. गंमत म्हणजे डीकिन्सही माहितीपटांतूनच आलेला, सुरुवातीला जगप्रदक्षिणेच्या बोटीवर नऊ महिने कॅमेरा घेऊन राहिलेला. आणि २०१० मध्ये, सत्तरीला टेकलेला मेंगेस लोचसाठी पुन्हा 'रूट आयरिश' करत होता.

आपल्याकडचंही एक सांगून ठेवते, कारण "आपली परंपरा कथापटाची" असं मला एकदा एका परिसंवादात ऐकवलं गेलं. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. त्याच्या चौदा वर्षं आधी, १८९९ मध्ये, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी इंग्लंडहून मागवलेला कॅमेरा घेऊन मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली होती. रँग्लर परांजपे केंब्रिज गाजवून परत आले, त्यांचं स्वागतही सावेदादांनीच टिपलं. म्हणजे मराठी माणसानं पहिल्यांदा कॅमेरा हातात घेतला तो समोर खरोखर घडतंय ते टिपायला. मग बालवाडी कुठली आणि पहिली कुठली?

त्या लग्नात काकांना मी हे एवढं सगळं सांगितलं नाही, पण बरंचसं सांगितलं. तिबेट सांगितलं, अफू सांगितली, दोन ऑस्कर सांगितले. काका मन लावून ऐकत होते. शेवटी म्हणाले, "म्हणजे पिक्चर केलेच ना त्यानं!"

यावर माझ्याकडे चटकन उत्तर नव्हतं. घरी गेल्यावरही सुचलं नाही.

तेवढ्यात नवरीच्या आजीला घेऊन चार बायका आल्या. "तू कॅमेरावाली ना? आमचा एक काढ की." मोबाइल माझ्या हातात. त्यांच्यामागे मांडवाचा पडदा बाजूला सरकलेला, भगभगीत ऊन. सगळ्या काळ्या दिसत होत्या. एक जण म्हणाली, "आम्ही तिकडं सरकू का?" आजींना नुकतीच खुर्ची मिळाली होती, गुडघे दुखत होते. "नको, बसा," म्हटलं, आणि मीच दोन खुर्च्या ओलांडून डावीकडे गेले.